विचारा मेस्त्रींना : कंपनीचं पुस्तक उघडा, मग पाना उचला

मागच्या अंकात मी सहज लिहून गेलो होतो की आता गाडीचं काम शिकायचं तर पान्याइतकंच कंपनीची ऑनलाइन सर्व्हिस माहिती वाचता येणं महत्त्वाचं आहे, तर त्यावर इतकी पत्रं आणि मेसेज आले की हा सगळा कॉलम त्यालाच देऊन टाकलाय. नावं छापत नाही, गावं तेवढी ठेवलीत. पहिल्या पत्राला जास्त जागा गेलीय पण ते पत्र तसंच आहे.

मेस्त्री नमस्कार. बावीस वर्षं झाली गॅरेज टाकून. कार्ब्युरेटरच्या गाड्या आम्ही नुसत्या आवाजावरनं ओळखायचो. आता बीएस-सिक्स गाड्या येतात, चांगला स्कॅनर घेतलाय, बिघाडाचा कोड दाखवतो, पण कोड बघून पुढं नेमकं काय तपासायचं ते कुठं मिळत नाही आणि वायरिंग डायग्राम तर नाहीच नाही. भाचा जर्मनीत असतो, तो म्हणतो तिकडं कुणीही पैसे भरून कंपनीच्या साइटवरनं सगळं काढतो. खरं का? आणि मग आपल्याकडं का नाही?
गॅरेजवाले, सांगली

दादा, भाचा खरं बोलतोय. युरोपियन युनियनने २००७ साली नियम केला, क्रमांक ७१५/२००७, की युरो-५ म्हणजे तिकडच्या प्रदूषण नियमांच्या पाचव्या टप्प्यापासूनच्या गाड्यांची रिपेअर आणि मेंटेनन्सची जी माहिती कंपनी स्वतःच्या डीलरला देते तीच बाहेरच्या गॅरेजलाही वेबसाइटवर द्यायची, फी घ्या पण ती वाजवी घ्या, आणि तासाच्या हिशोबाने पण देता आली पाहिजे. १ सप्टेंबर २०२० पासून त्याच्या जागी २०१८/८५८ हा नवा नियम आलाय पण गाभा तोच. म्हणून तिकडे फोक्सवॅगनची एर्विन नावाची साइट आहे, स्कोडा, आउडी, सीट ह्यांच्याही तशाच स्वतंत्र आहेत. तुम्ही रजिस्टर करायचं, तासाचे नाहीतर दिवसाचे पैसे भरायचे, गाडीचा चासी नंबर टाकायचा की त्याच गाडीचे रिपेअर मॅन्युअल, वायरिंगचे नकाशे, सर्व्हिसचे तक्ते समोर येतात आणि पीडीएफ उतरवून घेता येतात. त्याच गाडीचे हे महत्त्वाचं, त्या मॉडेलचे नव्हे.

अमेरिकेत वेगळ्या वाटेने हेच झालं. मॅसॅच्युसेट्स राज्यात २०१२ च्या नोव्हेंबरात ह्या प्रश्नावर लोकांनी मतदान केलं, ८५ टक्क्यांच्या वर लोकांनी हो म्हटलं, आणि मग प्रत्येक राज्यात वेगळा कायदा होण्यापेक्षा बरं म्हणून कार कंपन्यांच्या संघटनांनी २०१४ च्या जानेवारीत सगळ्या देशासाठी करार करून टाकला.

आता आपल्याकडचं. आपल्याकडे काहीच झालं नाही असं नाहीय, आणि हे प्रत्येक गॅरेजवाल्याला माहीत पाहिजे. २०११ मध्ये एका ग्राहकाने बाजारातल्या स्पर्धेवर लक्ष ठेवणाऱ्या कॉम्पिटिशन कमिशनकडे तक्रार केली की कार कंपन्या स्पेअर पार्ट आणि टेक्निकल माहिती खुल्या बाजारात येऊ देत नाहीत, आणि २५ ऑगस्ट २०१४ ला कमिशनने १४ कार कंपन्यांना मिळून सुमारे २,५४४ कोटी रुपयांचा दंड ठोठावला. त्या ऑर्डरमध्ये दंडापेक्षा मोठी गोष्ट आहे ती म्हणजे बाहेरच्या गॅरेजला पार्ट, डायग्नोस्टिक टूल आणि माहिती मिळायची सोय करा, आणि बाहेर काम केलं म्हणून सरसकट वॉरंटी रद्द असं लिहू नका. कंपन्या त्यावर अपिलात गेल्या, वर्षं गेली, आणि तुमच्या माझ्या हातात एर्विनसारखं काही आलं नाही. मला ह्याचं मनापासून वाईट वाटतं कारण गावोगावच्या गॅरेजमध्ये हुशार पोरं आहेत आणि त्यांना कामाची अक्कल नाही म्हणून हिणवतात, खरं तर त्यांना पुस्तकच दिलेलं नाही. २४ डिसेंबर २०२२ ला केंद्र सरकारने राइट टू रिपेअर पोर्टल सुरू केलं, त्यात मोबाईल, घरातली उपकरणं, शेतीची यंत्रं आणि गाड्या अशी चार खाती आहेत. तिथे जाऊन बघा, काय मिळतं ते कंपनीप्रमाणे बदलतं.

मग उद्या सकाळी काय करायचं ते सांगतो. ओनर्स मॅन्युअल बहुतेक कंपन्यांच्या साइटवर फुकट असतं, ते आपण गॅरेजवाले मालकाचं पुस्तक म्हणून उघडतच नाही, पण ऑइलचा ग्रेड आणि ऑइल किती लिटर, फ्यूजचा नकाशा, टायरची हवा हे सगळं त्यात असतं. दुसरं, पार्ट बनवणाऱ्या कंपन्या गाडीच्या कंपनीपेक्षा जास्त मोकळ्या आहेत. क्लच नि बेअरिंगवाल्या शेफ्लरची रेपएक्सपर्ट साइट रजिस्टर केलं की वापरता येते, फिटिंगची पद्धत वगैरे मिळते. तिसरं, बॉशचं ईएसआय-ट्रॉनिक, ऑटोडेटा, हेन्सप्रो असे लायसन घेऊन वापरायचे डेटाबेस आहेत, एकट्याला महाग वाटतील, पण चार-पाच गॅरेजवाल्यांनी लायसनच्या अटी नीट वाचून आणि विक्रेत्याशी बोलून काही जमतंय का बघावं. घ्यायच्या आधी तुमच्याकडे जास्त येणाऱ्या पाच गाड्या त्यात आहेत का ते डेमोमध्ये उघडून बघा, नुसत्या यादीवर विश्वास ठेवू नका. आणि चौथं, कंपनीला लेखी मागा. मेल करा, उत्तर आलं नाही तर ग्राहकाच्या नावाने १९१५ ह्या ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार करायला लावा. मागितलंच नाही तर कुणाला हवंय तेच त्यांना कळत नाही.

एक माझं सांगतो. बरीच वर्षं झाली, एका डिझेल गाडीचं हेड गॅस्केट, म्हणजे इंजिनाच्या हेड आणि ब्लॉकमधलं सील, बदललं. आमच्या उस्तादांचा हात असा होता की बोल्ट किती आवळला ते मनगटाला कळायचं आणि मीही तसाच शिकलो. जुनेच हेड बोल्ट ब्रशने साफ करून परत लावले, हाताने आवळले. तीन आठवड्यांनी ती गाडी आंबा घाटात गरम होऊन बंद पडली, रात्रीची वेळ, गाडीत लहान मुलं. नंतर एका ओळखीच्याने त्या इंजिनाच्या मॅन्युअलचं पान दाखवलं, त्यात लिहिलेलं की बोल्ट दर वेळी नवेच घ्यायचे, कारण ते आवळताना मुद्दाम ताणले जातात, एकदा ताणलेला बोल्ट परत तेवढी पकड देत नाही. आणि आवळायची पद्धत पण आधी ठरावीक टॉर्क, म्हणजे आवळायचा मोजलेला जोर, मग ९० अंश फिरवायचं, मग परत ९० अंश, तेही नंबरप्रमाणे मधून बाहेर. हे मनगटाला कसं कळणार? ते एक पान माझ्याकडे असतं तर ती रात्र त्या लोकांवर आली नसती.

काका, गाडीचा इंजिन लाइट लागलाय, पी०४२० कोड आला. मेकॅनिक म्हणतो कॅटॅलिटिक कन्व्हर्टर गेला, खर्च ऐकून झोप उडाली. नेटवर पण तेच लिहिलंय. बदलून टाकू का?
एक वाचक, नाशिक

थांबा. कोड पार्टचं नाव सांगत नाही, काय चुकीचं दिसलं ते सांगतो. पी०४२० चा अर्थ एवढाच की कॅटॅलिस्टचं, म्हणजे धूर साफ करणाऱ्या कन्व्हर्टरचं, काम ठरलेल्या पातळीच्या खाली दिसतंय, आणि ते दिसतंय कुणाला, तर कन्व्हर्टरच्या मागे बसवलेल्या ऑक्सिजन सेन्सरला. ह्या कोडसाठी कंपनीचं मॅन्युअल उघडलंत तर पहिल्या ओळीत कन्व्हर्टर बदला असं नसतं. आधी दुसरे कोड आहेत का बघा असं असतं, म्हणजे पी०३०० सारखा मिसफायरचा किंवा पी०१७१ सारखा हवा-पेट्रोलचं मिश्रण पातळ झाल्याचा, ते असतील तर ते आधी सोडवा. मग एक्झॉस्टला कुठे गळती आहे का. मग पुढच्या आणि मागच्या सेन्सरचे सिग्नल शेजारी शेजारी लावून बघा. साध्या सेन्सरच्या गाडीत पुढचा सेन्सर ०.१ ते ०.९ व्होल्टमध्ये सारखा वरखाली नाचतो, आणि कन्व्हर्टर चांगला असेल तर मागचा बऱ्यापैकी स्थिर राहतो. मागचाही पुढच्यासारखाच नाचायला लागला तर मग कन्व्हर्टरवर संशय घ्यायचा. हे सगळं इंजिन पूर्ण गरम झाल्यावर. कधी कधी कंपनीने सर्व्हिस बुलेटिन काढलेलं असतं की ह्या ह्या नंबरच्या गाड्यांत ईसीयूचं, म्हणजे इंजिनाच्या कॉम्प्युटरचं, सॉफ्टवेअर अपडेट करा, मग तर पार्टला हात लावायची गरज नसते.

माझ्याकडे अशीच एक गाडी आली होती, दुसरीकडे कन्व्हर्टरचं कोटेशन घेऊन. लिफ्टवर घेतली, कन्व्हर्टरच्या पुढच्या फ्लँजवर, म्हणजे पाइपच्या जोडावर, काजळीची बारीक काळी रेघ, बोट लावलं तर बोट काळं. गॅस्केट फुटलेलं. गॅस्केट बदललं, कोड पुसला, ग्राहकाला सांगितलं आठवडाभर चालवून परत या, परत कोड आला नाही. कन्व्हर्टर महाग असतो कारण त्यात प्लॅटिनम, पॅलेडियम, ऱ्होडियम असले धातू असतात, तेव्हा मेकॅनिकला एवढंच विचारा की दोन्ही सेन्सरचा ग्राफ मला दाखवता का. दाखवला तर त्याच्याकडेच काम करा, माणूस चांगला आहे.

मेस्त्री, मी न्यू जर्सीत असतो. इथे मजुरी परवडत नाही म्हणून टोयोटा कॅम्रीचे ब्रेक पॅड घरीच बदलायचे म्हणतोय. व्हिडिओ बघितलेत भरपूर. कंपनीची माहिती खरंच घ्यावी का?

घ्यावी, आणि तुमच्याकडे तर ती सहज मिळतेय. टोयोटाची टेकइन्फो साइट आहे, त्यात दोन दिवसांचा पास मिळतो, गॅरेजच्या एका तासाच्या मजुरीपेक्षा कमीच पडेल. पास घ्यायच्या आधी कागदावर लिहून काढा काय काय बघायचंय, पुढचे ब्रेक, मागचे ब्रेक, ब्रेक ऑइल, पुढच्या वर्षात करायची असतील ती कामं पण, कारण घड्याळ पैसे भरल्यापासून सुरू होतं. होंडाची पण टेकइन्फोच, फोर्डची मोटरक्राफ्ट सर्व्हिस, आणि कुठल्या कंपनीची साइट कुठली ह्याची यादी एनएएसटीएफ ह्या संस्थेच्या साइटवर आहे. आणि पैसे खर्चायच्या आधी तुमच्या गावच्या पब्लिक लायब्ररीची साइट उघडून बघा, तिकडच्या बऱ्याच लायब्रऱ्या कार्डावर चिल्टनचा रिपेअर डेटाबेस फुकट वापरू देतात. कंपन्यांची सर्व्हिस बुलेटिन आणि रिकॉल तर एनएचटीएसए ह्या तिकडच्या वाहन-सुरक्षा खात्याच्या सरकारी साइटवर फुकट आहेत.

व्हिडिओत दोन गोष्टी हमखास सुटतात. २०१८ नंतरच्या कॅम्रीला मागे इलेक्ट्रिक पार्किंग ब्रेक आहे, त्याचा पिस्टन जुन्या सवयीने क्लॅम्प लावून मागे दाबायला गेलात तर आतल्या मोटरची वाट लागेल, आधी मेंटेनन्स मोडमध्ये घालायचं असतं आणि ती पद्धत पायरीपायरीने मॅन्युअलमध्ये आहे. दुसरं म्हणजे एकक. टोयोटाच्या बऱ्याच गाड्यांना व्हीलचे नट १०३ न्यूटन मीटर असतात, म्हणजे ७६ फूट पाउंड. आपण भारतात न्यूटन मीटर शिकलेलो, तिकडच्या टॉर्क रेंचवर फूट पाउंड छापलेलं, आणि १०३ हा आकडा डोक्यात घेऊन तुम्ही फूट पाउंडच्या रेंचवर १०३ लावलंत तर जवळजवळ १४० न्यूटन मीटर आवळून बसाल. आकड्याच्या पुढचं एकक मोठ्याने वाचायचं, मी अजून वाचतो.

टेलिग्रामवर तीनशे रुपयांत सगळ्या गाड्यांची वर्कशॉप मॅन्युअलं मिळतात. घेऊ का?
नागपूर

नका घेऊ. चोरीचा माल आहे ही एक गोष्ट झालीच, पण त्यातली फाइल कुठल्या वर्षाची, कुठल्या देशातल्या गाडीची ते कळत नाही. गाडीचं नाव तेच असतं आणि तिकडे इंजिन वेगळं, गिअरबॉक्स वेगळा असतो. चुकीचा आकडा हा आकडा नसण्यापेक्षा वाईट, कारण त्यावर आपण विश्वासाने पाना फिरवतो.

गाडीच्या पार्टसाठी दुकानदार चासी नंबर मागतो. मॉडेल आणि वर्ष सांगून भागत नाही का? आणि तो नंबर कुणाला देणं सेफ आहे का?
एक वाचक, लातूर

भागत नाही हो. एकाच वर्षात कंपनी मध्येच ब्रेकचा पुरवठादार बदलते, सेन्सरचा प्लग बदलते, आणि बाहेरून गाडी तीच दिसते. एका ताईंच्या गाडीचे पॅड तिसऱ्यांदा परत करावे लागले होते, कारण त्या महिन्याच्या आधी एक कॅलिपर (पॅड दाबणारा भाग) होता आणि नंतर दुसरा, चासी नंबर टाकल्यावर कॅटलॉगने दोन सेकंदात सांगितलं. नंबर १७ अक्षरांचा असतो, त्यात इंग्रजीतले आय, ओ, क्यू कधीच नसतात, एक आणि शून्याशी गोंधळ नको म्हणून. म्हणजे तुम्हाला ओ दिसला तर ते शून्य आहे. पहिल्या तीन अक्षरांवरून कंपनी कळते, एमए३ म्हणजे मारुती, एमएटी म्हणजे टाटा, एमएएल म्हणजे ह्युंदाई. आरसीवर छापलेला असतो आणि गाडीवर पण कोरलेला असतो, गाडीवरचा बघून लिहा.

कॅटलॉगमध्ये जुन्या पार्ट नंबरच्या जागी नवा नंबर दाखवला तर घाबरू नका, कंपनी पार्ट सुधारते तेव्हा नंबर बदलते. द्यायचं म्हणाल तर पार्टच्या दुकानदाराला द्यायला हरकत नाही, पण आरसीचा अख्खा फोटो कशाला पाठवायचा, नुसता नंबर टाइप करून पाठवा.

सर, मी आयटीआय करतोय, चाकणला राहतो. ईव्हीची माहिती पण अशी ऑनलाइन मिळते का? मला बॅटरी उघडून बघायची आहे.

मिळते, आणि तुझ्या वयात ही हौस आहे ह्याचा मला आनंद आहे, पण बॅटरी उघडायची नाही. बाळा, हे मी जीव तोडून सांगतोय. केशरी रंगाच्या केबल दिसतील त्या हाय व्होल्टेजच्या, कित्येक गाड्यांत तीनशे-चारशे व्होल्ट डीसी, आणि त्याचा झटका जीव घेऊ शकतो. गाडी बंद केली म्हणजे ते व्होल्टेज गेलं असं नसतं, इन्व्हर्टरच्या कपॅसिटरमध्ये ते साठून राहतं. टोयोटाच्या हायब्रिडच्या मॅन्युअलमध्ये लिहिलेलं असतं की बारा व्होल्टची बॅटरी सोडा, हाय व्होल्टेज तोडणारा सर्व्हिस प्लग काढून स्वतःच्या खिशात ठेवा म्हणजे दुसरा कुणी चुकून लावणार नाही, मग दहा मिनिटं थांबा, मग मीटरने शून्य व्होल्ट आहे का मोजा, आणि हे सगळं हजार व्होल्टच्या रेटिंगचे रबरी हातमोजे घालून. खिशात ठेवा हे सुद्धा लिहिलेलं असतं बघ, कारण कधीतरी कुठेतरी कुणीतरी तो प्लग परत लावलेला असणार.

तू सुरुवात इमर्जन्सी रिस्पॉन्स गाइडपासून कर. अपघातात फायर ब्रिगेडच्या लोकांसाठी कंपन्या ती काढतात, फुकट मिळतात, आणि गाडीत हाय व्होल्टेज कुठून कुठे जातं, कुठली वायर कापायची नाही हे चित्राने दाखवलेलं असतं. एक गाडी घे, तिचं गाइड वाच आणि वहीत स्वतः नकाशा काढ. मग आयटीआयच्या सरांना दाखव. तो नकाशा न बघता काढता यायला लागला की मला लिही, पुढचं तेव्हा बोलू.

मेस्त्रीकाका, बाबांची मारुती ८०० आहे, १९९८ ची. बाबा मागच्या वर्षी गेले. गाडी मला ठेवायची आहे, चालती ठेवायची आहे. इथले मेकॅनिक म्हणतात आता हिला कोण हात लावणार. ऑनलाइन शोधलं, कंपनीकडे काही सापडलं नाही. तुमच्याकडे काही आहे का?
एक वाचक, रत्नागिरी

ताई, पत्र दोनदा वाचलं. ऑनलाइन डेटाबेस नव्या गाड्यांसाठी चांगले, इतक्या जुन्या गाडीचं त्यात फारसं सापडत नाही. तुमच्या गाडीचं पुस्तक कागदावरचं होतं, इंग्रजी, काळ्यापांढऱ्या आकृत्यांचं सर्व्हिस मॅन्युअल. मारुती ८०० बनणं २०१४ च्या जानेवारीत थांबलं, पण त्या आधी लाखोंनी खपली त्यामुळे पार्ट अजून मिळतात आणि ते पुस्तक रद्दीवाल्यांकडे, जुन्या गॅरेजमध्ये, आयटीआयच्या लायब्ररीत अजून सापडतं. ७९६ सीसीचं तीन सिलिंडरचं साधं इंजिन आहे, कार्ब्युरेटरवरची गाडी असेल तर स्कॅनर लागतच नाही, पन्नाशीच्या पुढचा मेकॅनिक शोधा, तो हसत काम करेल.

आधी घरात शोधा मात्र. त्या काळी लोक गाडीच्या ग्लोव्ह बॉक्समध्ये नाहीतर कपाटात ओनर्स मॅन्युअल आणि सर्व्हिसचं छोटं बुक जपून ठेवायचे, आणि बरेच जण त्याच्या मागच्या कोऱ्या पानावर पेन्सिलने लिहायचे, अमुक किलोमीटरला ऑइल बदललं, अमुक तारखेला प्लग. तसं काही मिळालं तर ते तुमच्या गाडीचं खरं मॅन्युअल आहे, कुठल्याच कंपनीच्या साइटवर ते नाही. पानं जुनी असतील, आधी सगळ्यांचे नीट फोटो काढून ठेवा मग हाताळा. आणि सर्व्हिस मॅन्युअलची एक झेरॉक्स माझ्याकडे आहे, कुठल्या वर्षाच्या गाडीची ते पहिल्या पानावर बघून तुमच्या गाडीला लागू होत असेल तर संपादकांकडे पाठवून ठेवतो. टायमिंग बेल्ट शेवटचा कधी बदलला ते तेवढं बाबांच्या नोंदीत बघा आणि कळवा, नोंद नसेल तर गाडी लांब न्यायच्या आधी तोच पहिला बदलून घ्या.